जुनें तें सोनें? एका पूज्य ग्रंथाच्या वयाची कथा

घरांतील एखादी जुनी पोथी आपण हातीं घेतों, तेव्हां तिच्यांत काय लिहिलें आहे हें पाहण्याच्या आधींच मन थोडेंसें नम्र होतें. पानें पिवळीं पडलेलीं, कडा झिजलेल्या, अक्षर पणजोबांच्या वेळचें. एवढ्यानेंच तिचें वजन वाढतें. 'जुनें तें सोनें' ही म्हण आपल्या हाडींमासीं खिळलेली आहे. परंतु ही वृत्ति केवळ आपलीच आहे असें मात्र नाहीं. युरोपांतील ज्या काळास विद्येच्या पुनरुज्जीवनाचा काळ म्हणतात, त्या पंधराव्या-सोळाव्या शतकांतले थोर थोर पंडित याच भरंवशावर चालत होते. ज्ञान जितकें प्राचीन तितकें तें निर्मळ, कारण तें उगमाजवळचें, असा त्यांचा सिद्धान्त होता. या सिद्धान्तापायीं त्यांनीं एका ग्रंथास दीडशें वर्षें डोक्यावर घेतलें, त्याच्या आधारानें जादूला तत्त्वज्ञानाच्या पंक्तीस बसविलें, आणि अखेरीस एका आजारी व्याकरणपंडितानें त्या ग्रंथाचें खरें वय उघडकीस आणलें. ती हकीकत आज वाचकांपुढें ठेवावयाची आहे.

पुनरुज्जीवन म्हटलें कीं लिओनार्दोचीं चित्रें आणि कोपर्निकसचें सूर्यकेंद्री गणित आपल्या डोळ्यांपुढें उभें राहतें. अंधार गेला व प्रकाश आला, अशी ती सुटसुटीत गोष्ट आपण शाळेंत शिकलों. पण त्याच काळच्या विद्वानांच्या कपाटांत प्लेटो व युक्लिड यांच्या शेजारीं ताइतांचे, ग्रहांच्या आराधनेचे आणि देवदूतांच्या आवाहनाचे ग्रंथही होते. त्यांतले पुष्कळसे उघडपणें छापले जात, राजेरजवाड्यांना अर्पण केले जात, आणि विद्वान् लोक त्यांवर वाद घालीत. तो प्रकाश आणि तो अंधार एकाच खोलींत नांदत होते.

वृद्ध सावकार आणि तरुण पंडित

इ. स. १४६० च्या सुमारास पिस्तोइया गांवचा लिओनार्दो नांवाचा एक ख्रिस्ती संन्यासी मॅसिडोनियाकडून एक ग्रीक हस्तलिखित घेऊन इटलींतील फ्लॉरेन्स शहरीं आला. फ्लॉरेन्सचा खरा सत्ताधारी त्या वेळीं कोसिमो दे मेदिची हा सावकार होता. पैसा जमविण्याइतकाच जुने ग्रंथ जमविण्याचाही त्याला नाद होता. नव्या हस्तलिखितांत चौदा छोटीं प्रकरणें होतीं व त्यांचा कर्ता म्हणून हर्मीस ट्रिस्मेजिस्टस, म्हणजे 'तीन वेळां थोर असा हर्मीस', याचें नांव होतें.

हा हर्मीस कोण? ग्रीकांचा देव हर्मीस आणि इजिप्तमधील लेखनविद्येचा देव थॉथ या दोघांचा मेळ घालून उत्तरकालीन लोकांनीं ही मूर्ति घडविली होती. परंतु फ्लॉरेन्सच्या पंडितांस तो कल्पित वाटत नव्हता. इजिप्तमध्यें मोझेसच्या काळीं वा त्याच्या आसपास होऊन गेलेला हा एक खराखुरा ऋषि, अशी त्यांची खात्री होती. या खात्रीस आधारही साधासुधा नव्हता. ख्रिस्ती धर्माचे जुने आचार्य लॅक्टॅन्शियस व ऑगस्टिन या दोघांनींही हर्मीसला प्राचीनच मानलें होतें. पहिल्यानें त्याची स्तुति केली आणि दुसऱ्यानें निंदा केली, एवढाच काय तो फरक.

कोसिमोनें आपल्या वैद्याचा मुलगा मार्सिलिओ फिचिनो यास प्लेटोचे सर्व संवाद लॅटिन भाषेंत आणण्याच्या कामीं नेमलें होतें. फिचिनोचें वय तेव्हां अवघें एकोणतीस, आणि कोसिमोनें सत्तरी ओलांडलेली. हर्मीसचें बाड हातीं पडतांच म्हाताऱ्यानें आज्ञा केली कीं, प्लेटो तूर्त राहूं दे, हें आधीं पुरें कर. ज्या प्लेटोसाठीं सारें फ्लॉरेन्स आतुर झालें होतें, त्यालाही थांबावें लागलें! कारण उघड होतें. फिचिनोनें आपल्या प्रस्तावनेंत जी गुरुपरंपरा दिली, तींत हर्मीस पहिला. त्यानंतर ऑर्फियस, आग्लाओफेमस, पायथॅगोरस व फिलोलेअस. आणि प्लेटो सर्वांत शेवटीं, सहावा. ज्याला मूळ गुरूचे शब्द वाचावयास मिळतात, त्यानें सहाव्या शिष्यापाशीं कां थांबावें? १४६३ च्या एप्रिलमध्यें भाषान्तर पुरें झालें. १४६४ च्या ऑगस्टमध्यें कोसिमो वारला. मरणापूर्वीं आदिगुरूची वाणी कानीं पडल्याचें समाधान त्यास लाभलें असेल, यांत शंका नाहीं.

हें भाषान्तर १४७१ सालीं त्रेव्हिझो येथें छापलें गेलें व पुढें पुन:पुन्हां छापलें गेलें. १४८८ सालीं सिएना शहराच्या मुख्य प्रार्थनामंदिराच्या फरशीवर, प्रवेशद्वारापाशींच, हर्मीसची भव्य आकृति संगमरवरांत कोरून बसविण्यांत आली आणि तिच्याखालीं तो मोझेसचा समकालीन असल्याचें लिहिण्यांत आलें. परधर्मी इजिप्शियन ऋषीला ख्रिस्ती देवळाच्या उंबरठ्यावर मिळालेला हा मान पाहिला, म्हणजे त्या श्रद्धेची खोली ध्यानांत येते.

पिंडीं तें ब्रह्मांडीं

या ग्रंथांत मुख्यतः ईश्वर, विश्व आणि जीव यांविषयींचें चिंतन आहे. प्रत्यक्ष जादू फारशी नाहीं. पण याच हर्मीसच्या नांवावर आधींपासून लॅटिनमध्यें प्रचलित असलेल्या 'अस्क्लेपियस' नांवाच्या संवादांत, इजिप्तचे पुजारी मूर्तींमध्यें दैवी शक्ति कशी उतरवीत याचें वर्णन होतें. आपल्याकडील वाचकास प्राणप्रतिष्ठेची आठवण व्हावी असाच तो भाग. ऑगस्टिननें हा भाग निषिद्ध ठरविला होता. फिचिनो मात्र त्याच्याभोंवतीं घुटमळत राहिला.

फिचिनो १४७३ मध्यें धर्मगुरु झाला होता व पित्याप्रमाणें वैद्यकही जाणत होता. १४८९ मध्यें त्यानें जीवनासंबंधीं तीन भागांचा एक ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याचा रोख ज्यांच्यावर होता ते लोक आपल्या चांगल्या परिचयाचे आहेत: दिवसरात्र बैठक मारून वाचणारे, भूक मंदावलेले, झोंप उडालेले, मनानें खिन्न असे विद्याव्यासंगी! त्या काळच्या वैद्यकाप्रमाणें शरीरांत काळें पित्त वाढलें म्हणजे ही खिन्नता येते व तिचा स्वामी शनि. फिचिनोच्या स्वतःच्या कुंडलींतही शनि प्रबळ होता, आणि त्याचें त्याला जन्मभर भय वाटे. शनीचा थंड, कोरडा प्रभाव घालवावयाचा तर सूर्य, गुरु व शुक्र यांच्या आश्रयास गेलें पाहिजे, असा त्याचा उपाय.

हा आश्रय घ्यावयाचा कसा? येथें 'पिंडीं तें ब्रह्मांडीं' या आपल्या वचनासारखीच एक कल्पना कामास येते. विश्व हें एक सजीव शरीर आहे. त्याच्या एका अवयवाचें दुसऱ्याशीं नातें आहे. सोनें, केशर, मध, ऊद, कोंबडा व सिंह हीं सारीं सूर्याच्या कुळांतलीं; त्यांच्या योगानें सूर्याचें तेज माणसापर्यंत पोंचतें. शरीर व आत्मा यांच्यामध्यें एक सूक्ष्म वायुरूप तत्त्व आहे. तें सुगंधानें, मद्यानें, उजेडांत फिरण्यानें आणि विशेषतः गाण्यानें शुद्ध होतें. फिचिनो स्वतः वीणेसारखें वाद्य घेऊन ऑर्फियसचीं स्तोत्रें गात असे. योग्य मुहूर्तावर कोरलेल्या ग्रहांच्या ताइतांविषयींही त्यानें लिहिलें, पण दबकत दबकत. एका पानावर गुण सांगावे आणि दुसऱ्या पानावर आपण केवळ दुसऱ्यांचें मत देत आहों म्हणून हात झाडावे, अशी त्याची रीत. एवढें करूनही रोममध्यें त्याच्याविरुद्ध तक्रार गेलीच. वजनदार मित्रांच्या खटपटीनें तो सुटला.

आपली जादू ही भुताखेतांची नव्हे, निसर्गाची आहे, हा या सर्व मंडळींचा मुख्य दावा होता. शेतकरी जमीन करून पावसाची वाट पाहतो, वैद्य शरीर तयार करून औषध देतो. तसाच हा शहाणा माणूस खालच्या वस्तु सिद्ध करून वरची शक्ति स्वीकारतो. यांत पाप कोणतें, असा त्यांचा सवाल होता.

तीन शिष्य, तीन वाटा

फिचिनोचा तरुण मित्र पिको देल्ला मिरांदोला यानें १४८६ मध्यें, वयाच्या तेविसाव्या वर्षीं, नऊशें सिद्धान्त छापून युरोपांतील विद्वानांस रोममध्यें वादास येण्याचें आव्हान दिलें. त्यांत जादूचा कैवार होता, आणि यहुदी लोकांच्या 'कबाला' या गूढविद्येनें ख्रिस्ती धर्मच सिद्ध होतो असें प्रतिपादन होतें. पोपच्या मंडळानें तेरा सिद्धान्तांवर आक्षेप घेतला व वादसभा भरलीच नाहीं. नवल असें कीं याच पिकोनें पुढें फलज्योतिषाचें खंडन करणारा मोठा ग्रंथ लिहिला. तो १४९४ मध्यें एकतिसाव्या वर्षीं वारला, आणि ग्रंथ त्याच्या मागून प्रसिद्ध झाला. आकाशांतील तारे माणसाचें नशीब बांधतात हें त्याच्या मानी मनास पटेना.

जर्मन पंडित कॉर्नेलियस अग्रिप्पा यानें १५१० मध्यें, चोविसाव्या वर्षीं, गूढ तत्त्वज्ञानाचे तीन खंड लिहून काढले. पंचमहाभूतांचें जग, ग्रहताऱ्यांचें जग व देवदूतांचें जग अशी तिहेरी रचना करून त्यानें सर्व विद्या तींत बसविली. पण तो ग्रंथ संपूर्ण छापला गेला १५३३ मध्यें, आणि त्याच्या तीन वर्षें आधीं त्याचाच दुसरा एक ग्रंथ बाहेर पडला होता. त्यांत जादू धरून सर्व शास्त्रें व्यर्थ आहेत असें म्हटलें होतें! एकाच लेखणींतून मंडन आणि खंडन दोन्ही. यांतील अग्रिप्पाचें खरें मत कोणतें, याविषयीं विद्वानांचा वाद अजून मिटलेला नाहीं.

तिसरा इंग्रज गणिती जॉन डी. केंब्रिजमध्यें असतांना त्यानें एका ग्रीक नाटकांत यंत्राच्या साह्यानें प्रचंड भुंगा वर उडवून दाखविला, आणि तेव्हांपासून 'चेटक्या' हा शिक्का त्याच्या कपाळीं बसला. १५५९ मध्यें एलिझाबेथ राणीच्या राज्याभिषेकाचा मुहूर्त त्यानेंच काढून दिला. १५७० मध्यें युक्लिडच्या पहिल्या इंग्रजी भाषान्तरास त्यानें लिहिलेली प्रस्तावना गणिताच्या व्यावहारिक उपयोगाचें उत्कृष्ट विवेचन मानली जाते. थेम्स नदीकांठच्या त्याच्या घरांतील ग्रंथसंग्रह इंग्लंडांतील सर्वांत मोठ्या संग्रहांपैकीं होता. परंतु पुस्तकांनीं त्याची तहान भागली नाहीं. १५८२ पासून एडवर्ड केली नांवाच्या इसमास स्फटिकांत पाहावयास बसवून तो देवदूतांशीं बोलूं लागला. केलीनें पाहावें व सांगावें, डीनें भक्तिभावानें लिहून घ्यावें. १५८३ मध्यें दोघेही कुटुंबांसह परदेशीं गेले. मागें घर व ग्रंथसंग्रह लुटला गेला. १५८७ मध्यें बोहेमियांत असतांना केलीनें देवदूतांचा म्हणून असा एक आदेश सांगितला कीं, तो पाळला तर दोन्ही घरांतील पातिव्रत्याची मर्यादाच नाहींशी व्हावी. डीनें हा आदेश आपली पत्नी जेन हिला कळविला तेव्हां ती थरथर कांपत रडत राहिली, हें त्यानेंच लिहून ठेवलें आहे. एवढा थोर गणिती, पण आपल्या घरच्या लक्ष्मीच्या अश्रूंपेक्षां स्फटिकांतला आवाज त्यास अधिक प्रमाण वाटला! डीचा म्हणून जपलेला एक काळा आरसा लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममध्यें आहे. तो मेक्सिकोंतील पाचुका येथील ज्वालामुखी काचेचा असल्याचें २०२१ मध्यें संशोधकांनीं दाखविलें.

ग्रंथालयांत तत्त्वज्ञान, स्वयंपाकघरांत गुन्हा

या विद्येची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. ग्रह, वनस्पति व शब्द यांचा दुरून परिणाम होतो हें जो पंडित लॅटिनमध्यें लिही, त्यास आश्रयदाता मिळे. तीच गोष्ट एखाद्या खेडवळ बाईच्या काढ्याविषयीं कोणीं बोललें तर तिला सरणाची वाट दिसे. १५१९ मध्यें मेट्झ शहरीं एका गरीब बाईवर चेटुकाचा आरोप आला. तिच्या आईस पूर्वीं चेटकीण म्हणून जाळलें होतें, हाच मुख्य पुरावा! अग्रिप्पानें आपली सारी विद्या तिच्या बाजूनें खर्चिली आणि तिला सोडविलें. मात्र त्यानंतर लौकरच त्यालाही तें शहर सोडावें लागलें. ग्रहगतीचे नियम शोधून काढणाऱ्या केप्लरची वृद्ध आई कॅथरिना हिच्यावरही असाच प्रसंग ओढवला. तिनें दिलेल्या पेयानें आपण आजारी पडलों अशी शेजारणीची तक्रार. १६१५ मध्यें सुरू झालेलें हें प्रकरण १६२१ पर्यंत चाललें. म्हातारी चौदा महिने सांखळदंडांत होती, आणि छळाचीं हत्यारें तिच्यापुढें मांडण्यांत आलीं. तरी ती डगमगली नाहीं. मुलानें स्वतः खटला लढवून तिला सोडविलें. पण सुटल्यावर वर्षाच्या आंतच ती वारली. केप्लर स्वतः राजेलोकांच्या कुंडल्या मांडीत असे, हें येथें विसरतां येत नाहीं.

गुहेंतला विद्यार्थी

आतां ग्रंथाच्या वयाकडे वळूं. १५४३ च्या आपल्या ग्रंथांत सूर्यास विश्वाच्या मध्यभागीं बसवितांना कोपर्निकसनेंही साक्षीस हर्मीसला बोलावलें होतें. सूर्य हा दृश्य ईश्वर आहे हें हर्मीसचें मत त्यानें नमूद केलें. सोळाव्या शतकाच्या अखेरीस कार्डिनल बारोनियस यानें ख्रिस्ती धर्मसंघाचा बारा खंडांचा इतिहास लिहिला, त्यांतही ख्रिस्ताच्या आगमनाची पूर्वसूचना देणाऱ्या परधर्मीयांत हर्मीसची गणना होती. या इतिहासाचें परीक्षण करण्याचें काम आयझॅक कॅसोबॉन यानें अंगावर घेतलें.

कॅसोबॉन १५५९ मध्यें जिनिव्हा येथें जन्मला. घराणें फ्रेंच प्रॉटेस्टंट. १५७२ मध्यें फ्रान्समध्यें प्रॉटेस्टंटांची भयंकर कत्तल झाली, तेव्हां त्याचें कुटुंब डोंगरांत लपून बसलें, आणि तेथें एका गुहेंत बापानें तेरा वर्षांच्या आयझॅकला ग्रीकचा पहिला धडा दिला. अशा रीतीनें मिळालेली भाषा तो जन्मभर जिवापलीकडे जपत आला. अठरा मुलांचा संसार, नाजूक प्रकृति आणि धर्मकलहाची सततची दगदग यांतून वाट काढीत तो युरोपांतील पहिल्या प्रतीचा ग्रीक पंडित झाला. १६१० मध्यें तो इंग्लंडांत आला व जेम्स राजानें त्यास वर्षासन दिलें.

त्यानें हर्मीसचा ग्रंथ उघडला तो भक्तानें पोथी उघडावी तसा नव्हे, तर जाणत्या कारकुनानें दस्तऐवज पाहावा तसा. हा ग्रंथ इतका जुना व थोर, तर प्लेटो वा ॲरिस्टॉटल यांच्यासारख्या लेखकांनीं त्याचा उल्लेख कोठेंच कां केला नाहीं? मोझेसच्या काळच्या इजिप्शियनाच्या तोंडीं फिडियस या मूर्तिकाराचें नांव कसें येतें? फिडियस तर ख्रिस्तपूर्व पांचव्या शतकांतला! हा मूळ इजिप्शियन ग्रंथाचा अनुवाद म्हणावा, तर त्यांत ग्रीक शब्दांवरच्या कोट्या कशा, ज्या दुसऱ्या कोणत्याही भाषेंत साधणार नाहींत? आणि तत्त्वज्ञानाचे हे पारिभाषिक शब्द तर जुन्या ग्रीकांत नव्हतेच, ते उत्तरकालीन आहेत. कांहीं विचार प्लेटोचे, कांहीं बायबलच्या उत्पत्तिप्रकरणाचे, कांहीं योहानाच्या शुभवर्तमानाचे. निष्कर्ष टाळतां येण्याजोगा नव्हता: हर्मीस प्लेटोचा गुरु नसून प्लेटोच्याच ग्रंथांवर पोसलेला आहे, आणि हें लेखन ख्रिस्तोत्तर काळचें आहे.

येथें कॅसोबॉनच्या मनाची कसोटी होती. तो स्वतः अत्यंत धर्मनिष्ठ होता. ख्रिस्ताची साक्ष देणारा एक प्राचीन ऋषि खोटा पाडण्यांत त्याच्या धर्माचें नुकसानच होतें, असें कोणीही म्हटलें असतें. पण सत्याला असत्याचा टेकू देणें हाच सत्याचा अपमान, अशी त्याची धारणा होती. १६१४ मध्यें लंडन येथें त्याचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. बारोनियसच्या पहिल्या खंडाच्या एका भागापुढें तो जाऊंच शकला नाहीं. त्याच वर्षींच्या जुलैमध्यें, पंचावन्नाव्या वर्षीं, तो वारला. त्याच्या हातचीं टिपणें असलेली हर्मीसची प्रत आजही लंडनच्या ब्रिटिश लायब्ररींत आहे.

वय कळल्यानंतर

एवढा पुरावा पुढें आल्यावर सर्वांनीं मान तुकविली असेल, असें वाचकांस वाटेल. तसें झालें नाहीं. इंग्रज वैद्य रॉबर्ट फ्लड व रोममधील जेझुइट पंडित किर्चर हे हर्मीसला प्राचीनच मानीत राहिले. ज्यांचें सारें तत्त्वज्ञान त्या पायावर उभें होतें, त्यांना पाया तपासण्यास सवड नव्हती. न्यूटनसारख्या पुरुषानेंही पुढें हर्मीसच्या नांवावर चालणाऱ्या किमयेच्या एका प्रसिद्ध लेखाचें भाषान्तर स्वहस्तें लिहून ठेवलें.

कॅसोबॉनचेंही सर्व म्हणणें टिकलें नाहीं. हे निबंध ख्रिस्ताच्या पहिल्या ते तिसऱ्या शतकांत इजिप्तमध्यें ग्रीक भाषेंत लिहिले गेले, हें आज विद्वानांस मान्य आहे. येथपर्यंत जय त्याचाच. परंतु हें एखाद्या ख्रिस्त्याचें कपट, असा त्याचा जो तर्क होता, तो मात्र सुटला. १९४५ मध्यें इजिप्तमधील नाग हम्मादी येथें कॉप्टिक भाषेंतील पोथ्या सांपडल्या; त्यांत हर्मीसचेंही साहित्य होतें. त्यावरून असें दिसतें कीं, या ग्रंथांमागें खऱ्या साधकांचा संप्रदाय असावा व इजिप्तच्या जुन्या धर्माचे कांहीं धागे त्यांत खरोखरच असावेत. म्हणजे फिचिनोचा कालनिर्णय साफ चुकला, पण त्यास जो इजिप्तचा सुगंध आला तो अगदींच भास नव्हता.

या हकीकतींतून आपण काय घ्यावें? फिचिनोला हंसणें सोपें आहे. पण त्याच चुकीच्या श्रद्धेच्या बळावर त्यानें ग्रीक विद्या युरोपच्या हातीं दिली. हर्मीस पुरा करून तो प्लेटोकडे परत वळला आणि १४८४ मध्यें संपूर्ण प्लेटो लॅटिनमध्यें छापून निघाला. उलट, निव्वळ श्रद्धेनें डीसारख्या विद्वानाच्या घराची काय दशा केली, तेंही आपण पाहिलें. ग्रंथाचें वय आणि ग्रंथाची योग्यता हे दोन वेगळे प्रश्न आहेत, एवढें ज्यास उमगलें त्यास पहिल्याच्या उत्तराची भीति उरत नाहीं. सोनें जुनें आहे म्हणून सोनें ठरत नाहीं. तें कसोटीच्या दगडावर घासून पाहावें लागतें, आणि घासण्यानें खऱ्या सोन्याचें कांहीं जात नाहीं.

सिएनाच्या फरशीवर हर्मीस अजून उभा आहे. त्याच्याखालचा मजकूर कोणीं पुसलेला नाहीं, आणि पुसूंही नये. एका पिढीची श्रद्धा म्हणून तो तेथें शोभतो. मात्र त्यावरून कालगणना करूं नये, हें ज्यानें दाखविलें त्या गुहेंतल्या विद्यार्थ्याचेंही आपण स्मरण ठेवावें.